शिपायांनी घरी काय लिहिलं

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार, वि. वि.

बाबा, अमेरिकेतल्या उत्तर-दक्षिण यादवी युद्धातल्या कोल्ड हार्बरच्या लढाईचं तुम्ही फोनवर विचारलंत. मी ओरडून ओरडून सांगितलं तरी तुमच्या कानातल्या यंत्राने दाद दिली नाही, म्हणून लिहूनच पाठवते. आई, तुझ्या डोळ्याला एवढ्यात ताण नको. बाबांकडून वाचून घे. ते मध्येच थांबून स्वतःची टिप्पणी जोडतील, तेवढं सोस.

तर बाबांचा प्रश्न असा की, दक्षिणेची फौज खंदक खणून समोर बसलेली असताना ३ जून १८६४ ला उत्तरेचा सेनापती ग्रँट याने तिच्यावर सरळ चाल केलीच का? याचं समाधानकारक उत्तर खुद्द ग्रँटकडेही नसावं. त्या शेवटच्या हल्ल्याची आपल्याला कायम खंत वाटत आली, असं त्याने पुढे आठवणींत लिहून ठेवलंय. माझं मन मात्र हल्ल्याच्या आदल्या संध्याकाळीच अडकतं. ग्रँटच्या हाताखालच्या एका अधिकाऱ्याला शिपाई कोट काढून काहीतरी शिवताना दिसले. त्याला वाटलं, उसवलेलं शिवत असतील. जवळ जाऊन बघतो तर ते कागदाच्या चिठ्ठ्यांवर आपलं नाव आणि घरचा पत्ता लिहून कोटाच्या पाठीवर टाचत होते. सैन्याकडून तेव्हा ओळखपट्टी मिळत नसे. मेलेला माणूस कोण, हे घरी कळायचं तर त्याची तजवीज ज्याने त्याने करायची. हे वाचल्यापासून सेनापतींच्या डावपेचांतला माझा रस ओसरला. बाबा, तुम्हाला हे आवडणार नाही, पण खरं ते सांगते.

मी हल्ली शनिवारी इथल्या एका संग्रहासाठी त्या युद्धातल्या शिपायांची पत्रं वाचून टाइप करून देते, हे आईला सांगितलं होतं. काम किचकट आहे. अक्षर पेन्सिलीचं आणि पुसट, विरामचिन्हांचा पत्ता नाही, शब्द कानाला लागले तसे लिहिलेले. ज्याला लिहिता येत नसे तो सोबत्याकडून लिहून घ्यायचा, त्यामुळे एकाच अक्षरात चार जणांची पत्रं सापडतात. दक्षिणेत पुढे पुढे कागदच मिळेना. मग आधी आडवं लिहायचं आणि तोच कागद वळवून त्यावर उभं लिहायचं. आलेलं पाकीट उलटं करून परत वापरायचं, भिंतीला लावायच्या कागदाचीसुद्धा पाकिटं करायची. उत्तरेच्या शिपायाला तिकिटाशिवाय पत्र टाकायची मुभा होती, पैसे घरच्यांनी भरायचे. आणि पत्रं तपासणारं कुणी जवळजवळ नव्हतंच. त्यामुळे आपल्या कॅप्टनला ही पोरं खुशाल गाढव म्हणतात.

सुरुवात बहुतेकांची ठरलेली असते: लेखणी हाती घेतो, मी खुशाल आहे, हे पोचेल तेव्हा तुम्हीही तसेच असाल अशी आशा. 'इकडील सर्व क्षेम'चाच हा प्रकार. आणि लगेच पुढच्या ओळीत कळतं की स्वारी हगवणीने अंथरुणाला खिळलीय.

त्या युद्धाचं खरं रूप ते होतं, आई. १८६१ ते १८६५ या चार वर्षांत मेलेल्यांचा जुना आकडा ६ लाख २० हजारांचा. आता बरेच अभ्यासक तो साडेसात लाखांच्या आसपास धरतात. त्यातले साधारण दोन तृतीयांश गोळीने मेलेच नाहीत. हगवण, आमांश, विषमज्वर आणि हिवताप यांनी गेले. निम्म्याच्या आसपास शिपाई शेतकऱ्यांची पोरं. लांब लांब विखुरलेल्या शेतांवर वाढलेली, लहानपणी गोवरसुद्धा न झालेली. छावणीत हजार माणसं एकत्र आली आणि लढाईचं तोंड पाहण्याआधीच पलटणीच्या पलटणी गोवराने आडव्या झाल्या. संडासाचे चर पाण्याच्या शेजारीच खणलेले असत. जंतू ही भानगड तेव्हा कुणाला ठाऊक नव्हती. वाईट इतकंच वाटतं की स्वच्छतेचे जे नियम ठाऊक होते तेही पाळले जात नव्हते.

खाण्याबद्दल तर पानंच्या पानं. उत्तरेच्या शिपायाला हार्डटॅक मिळायचे, म्हणजे पीठ-पाण्याची कडक चौकोनी बिस्किटं, तीनेक इंच लांब-रुंद, अर्धा इंच जाड. दिवसाला नऊ-दहा. दाताने तुटायची नाहीत, म्हणून बंदुकीच्या दस्त्याने ठेचायची किंवा गरम कॉफीत बुडवायची. कॉफीत पडली की आतले सोंडे तरंगून वर येत. ते बाजूला करायचे आणि कॉफी प्यायची. अंधारात खाल्लेलं बरं, म्हणजे काय खातोय ते दिसत नाही, असा एक विनोद त्यांच्यात होता. दक्षिणेकडे मक्याचं पीठ आणि खारवलेलं मांस, तेही वेळेवर येईल तर. समुद्रावर उत्तरेची नाकेबंदी असल्यामुळे कॉफी मिळेना, म्हणून ओकची फळं किंवा राय नावाचं धान्य भाजून उकळायचं. तंबाखू मात्र मुबलक. मग १८६२-६३ च्या हिवाळ्यात रॅपाहॅनॉक नदीच्या दोन काठांवर पहाऱ्याला बसलेल्यांनी आपसांत बाजार मांडला. लाकडाच्या छोट्या होड्या करायच्या, शीड लावायचं आणि इकडून कॉफी, तिकडून तंबाखू सोडून द्यायची. वर्तमानपत्रांचीही अदलाबदल चाले. अधिकाऱ्यांनी बंदी घातली होती, ती कुणी मनावर घेतली नाही.

बाबा, तुम्ही यावर म्हणाल की मग ही माणसं वाईट नव्हतीच, दोन्हीकडचे बिचारे सारखेच. इथे माझं तुमच्याशी जमत नाही. त्या माणसांचे हाल सारखे होते, पण ज्या गोष्टीसाठी ती लढत होती ती सारखी नव्हती. दक्षिणेची राज्यं फुटून निघाली ती गुलामगिरी टिकवण्यासाठी. त्यांच्या फुटून निघण्याच्या जाहीरनाम्यांत ते स्वच्छ लिहिलेलं आहे. तिकडच्या गरीब शिपायाकडे बहुधा एकही गुलाम नसे, हे खरं. १८६२ मध्ये सक्तीची भरती आली तेव्हा वीस किंवा जास्त गुलाम असलेल्या मळ्यामागे एका गोऱ्या पुरुषाला सूट मिळाली, त्याने तो चिडलाही होता. उत्तरेत १८६३ ला तीनशे डॉलर भरा नाहीतर बदली माणूस द्या, अशी सोय झाली. युद्ध श्रीमंतांचं, लढाई गरिबांची, ही तक्रार दोन्हीकडे होती आणि ती रास्त होती. पण तेवढ्याने दोन्ही बाजू एका मापाने मोजता येत नाहीत.

काळ्या शिपायांचं पाहिलं की हे आणखी उघड होतं. उत्तरेकडून १ लाख ७९ हजारांच्या आसपास काळे सैनिक लढले. गोऱ्या शिपायाला महिना तेरा डॉलर. यांना दहा, आणि त्यातूनही कपड्यांचे तीन कापून हातात सात. मॅसॅच्युसेट्सच्या ५४ व्या पलटणीने सांगितलं, असा पगार आम्ही घेणारच नाही. आणि घेतला नाही. तशाच बिनपगारी अवस्थेत १८६३ च्या जुलैमध्ये त्यांनी दक्षिणेच्या फोर्ट वॅग्नर या किल्ल्यावर हल्ला चढवला. समान पगाराचा कायदा व्हायला जून १८६४ उजाडला. विचार कर आई, घरी बायका-पोरं उपाशी आणि नवरा तत्त्वापायी पगार नाकारतोय. त्या बायकांनी काय उत्तरं धाडली असतील, त्यातली फार थोडी टिकलीत. शिपायाकडे आलेली पत्रं पावसात, चिखलात गेली.

युद्धकैद्यांची कथाही याच्याशीच जोडलेली आहे. आधी कैद्यांची अदलाबदल व्हायची. पकडलेल्या काळ्या शिपायाला युद्धकैदी मानायला दक्षिण तयार होईना, त्यावरून ती बंद पडली. मग तुरुंग तुंबले. जॉर्जियातल्या अँडरसनव्हिलमध्ये चौदा महिन्यांत ४५ हजारांच्या आसपास कैदी आले आणि जवळजवळ १३ हजार मेले. डोक्यावर छप्पर नाही, प्यायचं पाणी आणि घाण एकाच ओढ्यात. उत्तरेचेही हात स्वच्छ नव्हते. न्यूयॉर्कमधल्या एल्मायराच्या छावणीत दक्षिणेचे तीन हजारांच्या घरात कैदी मेले, तेही अन्नधान्याची कमतरता नसलेल्या मुलखात.

आता लढाईबद्दल. नवल असं की पत्रांत तीच सर्वांत कमी. भावाला लिहिताना थोडंफार सांगतात, आईला लिहिताना 'आमची बरीच माणसं पडली, मी देवाच्या कृपेने वाचलो' एवढंच. म्हणून बंदूक कशी भरत ते मी इथल्या एका प्रात्यक्षिकात बघून आले. ठासणीची रायफल, जवळपास माणसाच्या खांद्याला लागेल एवढी. कागदी काडतूस दाताने फाडायचं, त्यातली दारू नळीत ओतायची, वर शिशाची गोळी बसवायची, गज काढून ठासायची, गज परत जागेवर, घोड्याखाली बार पेटवणारी टोपी, नेम, चाप. समोरचे दात धड नसतील तर भरतीच करत नसत, ते यासाठी. सरावलेला माणूस मिनिटाला तीन बार काढी. दारू ओठाला लागून तोंड काळं होई आणि तहान अशी लागे की विचारू नका. हे सगळं उभ्याने करायचं, कारण एवढी लांब बंदूक आडवं पडून भरणं महाकठीण. भीतीने काय होई? गेटिसबर्गनंतर मैदानावरून २७ हजारांहून जास्त बंदुका गोळा केल्या. त्यातल्या सुमारे २४ हजार भरलेल्या निघाल्या आणि कितीतरींमध्ये एकावर एक दोन-दोन, तीन-तीन गोळ्या ठासलेल्या. बार उडालाच नाही हे त्या गदारोळात कळलंच नसेल, किंवा उडवायचा धीरच झाला नसेल. कवायत हाताला येते, मनाला येतेच असं नाही.

फ्रेडरिक्सबर्गला आम्ही मार्चमध्ये जाऊन आलो. १३ डिसेंबर १८६२ ला इथे उत्तरेच्या ब्रिगेडमागून ब्रिगेड उघड्या उतारावरून दगडी भिंतीवर चालून गेल्या. भिंतीपर्यंत एकही पोचली नाही. त्या लढाईत उत्तरेचे साडेबारा हजारांवर मेले, जखमी झाले किंवा हरवले. वाचलेले रात्रभर थंडीत मेलेल्यांच्या आडोशाने पडून राहिले. दक्षिणेच्या शिपायांच्या अंगावर धड कपडे नव्हते, पायात बूट नव्हते. त्यांनी अंधारात येऊन प्रेतांच्या अंगावरचं काढून नेलं.

त्याच टेकडीवर आता राष्ट्रीय दफनभूमी आहे. तिथे पंधरा हजारांहून जास्त शिपाई पुरलेत, आणि नाव माहीत आहे अशांची संख्या अडीच हजारांच्या आसपास. बाकीच्यांना वीतभर उंचीचा चौकोनी दगड. त्यावर दोन आकडे कोरलेले. वरचा थडग्याचा क्रमांक, हे समजलं. खालच्या आकड्याचा उलगडा होईना. कुठे २, कुठे ४, कुठे ६. तिथल्या कर्मचाऱ्याला विचारलं तर म्हणाला, त्या जागी तेवढी माणसं आहेत.

पळून जाणाऱ्यांबद्दल फार लिहीत नाही, पण पुष्कळ पळाले. उत्तरेचे दोन लाखांच्या आसपास, दक्षिणेचे लाखभर. १८६४ नंतर दक्षिणेत घरून येणारी पत्रंच माणूस ओढून नेत. पीक गेलं, मुलं उपाशी आहेत, तुम्ही या. सापडला तर पलटणीसमोर उभा करून गोळ्या घालत, पाहायला सगळ्यांना रांगेत उभं करत. मला या पळालेल्यांना भ्याड म्हणवत नाही. बाबा, तुमचं मत वेगळं असेल, ते कळवा.

युद्ध संपतानाची एक गोष्ट मात्र तुम्हा दोघांनाही आवडेल. ९ एप्रिल १८६५ ला अ‍ॅपोमॅटॉक्सला दक्षिणेचा सेनापती ली शरण आला, तेव्हा ग्रँटने एक सवलत दिली. ज्याचा घोडा किंवा खेचर स्वतःचं असेल त्याने ते घरी न्यावं, वसंतातली पेरणी करता यावी म्हणून. सुमारे २८ हजार माणसांना सुटकेच्या छापील चिठ्ठ्या मिळाल्या आणि बहुतेक पायीच घरी निघाले. हिशेब मात्र तिथे मिटला नाही. त्या युद्धातल्या एका शिपायाच्या मुलीला सरकारकडून महिना ७३ डॉलर १३ सेंट पेन्शन चालू होतं, ती वारली २०२० मध्ये! बाप आधी दक्षिणेकडून होता, तिथून पळाला आणि उत्तरेत भरती झाला. ती झाली तेव्हा त्याची ऐंशी उलटली होती.

बाबा, पीटर्सबर्गच्या सुरुंगाचं पुढच्या पत्रात. पेनसिल्व्हेनियातल्या कोळसा खाणींवर काम केलेल्या शिपायांनी शत्रूच्या खंदकाखाली ५११ फुटांचं भुयार खणलं, आणि पुढे वरिष्ठांनी त्याची कशी माती केली, ते सांगायला वेगळी चार पानं लागतील. आई, डोळ्याचे थेंब वेळच्या वेळी घाल आणि पुढची तपासणी कधी ते बाबांना लिहून पाठवायला सांग.

तुमची,
मनू