लंडनच्या त्या क्लबात दादाभाई होते

महोदय,

आपल्या रविवारच्या पुरवणीतील लंडनच्या जुन्या क्लबांवरचा लेख आवडला. पॅल मॅल रस्त्यावरचा ‘रिफॉर्म’, जवळचाच ‘अथेनियम’, त्यांचे वास्तुशिल्पी, त्यांची ग्रंथालये यांची माहिती छान आली आहे. पण थेम्सच्या काठाजवळ, व्हाइटहॉल प्लेसला उभ्या असलेल्या ‘नॅशनल लिबरल क्लब’चा साधा उल्लेखही नाही, याचे फार वाईट वाटले. आपल्या वाचकाचे लंडनमधल्या एखाद्या क्लबशी काही नाते असेलच, तर ते याच वास्तूशी आहे.

क्लबची स्थापना १८८२ ची. १८८४ मध्ये पंतप्रधान ग्लॅडस्टन यांच्या हस्ते इमारतीची कोनशिला बसली आणि १८८७ मध्ये ती सुरू झाली. वास्तुशिल्पी होते आल्फ्रेड वॉटरहाउस, म्हणजे तिथल्या नॅचरल हिस्टरी म्युझियमचे कर्ते. आतले खांब, कमानी आणि भिंती त्यांनी झिलईदार टाइल्सनी मढवल्या. कोळशाच्या आणि तंबाखूच्या धुराने सगळे काळवंडण्याचा तो काळ. नुसते फडके फिरवले तरी अशी भिंत पुन्हा लख्ख होई. पुढे या टाइल्सची बरीच टवाळी झाली. मला मात्र त्यांत रोजच्या वापराचा विचार केलेला दिसतो, आणि तो फार आवडतो.

दादाभाई नौरोजी या क्लबच्या सुरुवातीच्या सभासदांपैकी. त्याच काळात मुंबईत यॉट क्लबचे किंवा बॉम्बे जिमखान्याचे सभासदत्व हिंदी माणसाला मिळत नव्हते, मग तो कितीही शिकलेला असो वा श्रीमंत. म्हणजे ज्या गृहस्थाला आपल्याच शहरातल्या क्लबाचे दार बंद होते, तो साम्राज्याच्या राजधानीत सभासद म्हणून ताठ मानेने वावरत होता! १८८८ च्या अखेरीस पंतप्रधान लॉर्ड सॉल्सबरी यांनी एडिंबराच्या भाषणात दादाभाईंना ‘काळा माणूस’ म्हणून हिणवले. इंग्रज मतदार अशा माणसाला पार्लमेंटवर निवडून देतील, हे त्यांना पटत नव्हते. त्यानंतर याच क्लबाने दादाभाईंच्या सन्मानार्थ मेजवानी दिली. १८९२ मध्ये लंडनच्या सेंट्रल फिन्सबरी मतदारसंघातून अवघ्या पाच मतांनी का होईना, ते निवडून आले. नामदार गोखल्यांचेही लंडनमुक्कामी याच क्लबात येणे-जाणे असे. हिंदुस्थानच्या गाऱ्हाण्यांकडे लिबरल पक्षाच्या पुढाऱ्यांचे लक्ष वेधायचे, तर त्यांची गाठ इथेच पडे.

क्लबाचे नुसते गोडवे गावेत, असे मला म्हणायचे नाही. स्त्रियांना पूर्ण सभासदत्व मिळायला इथेही १९७६ साल उजाडले. अर्थात ‘रिफॉर्म’ला १९८१, ‘अथेनियम’ला २००२ आणि ‘गॅरिक’ला तर २०२४ पर्यंत वेळ लागला, हेही सांगायला हवे. उदारमतवाद्यांच्या घरातही अर्ध्या समाजाला शंभर वर्षांच्या आसपास ताटकळावे लागले, ही गोष्ट त्या सुंदर इमारतींच्या वर्णनात झाकली जाऊ नये.

इमारतीनेही कमी सोसले नाही. मे १९४१ मध्ये जर्मन बॉम्ब थेट तिच्यावर पडला आणि मधला भव्य संगमरवरी जिना कोसळला. आज दिसतो तो युद्धानंतर पुन्हा बांधलेला. १९७० च्या दशकातल्या आर्थिक ओढाताणीत ग्लॅडस्टनच्या नावाचे ग्रंथालय ब्रिस्टल विद्यापीठाला विकावे लागले. वरच्या मजल्यांवर सभासदांच्या निवासाच्या खोल्या होत्या, तो भाग आता हॉटेलकडे आहे. क्लब मात्र चालू आहे.

या वास्तूवर आपण स्वतंत्र लेख द्यावा, ही विनंती. त्यात जिन्याचे आणि टाइल्सचे छायाचित्र असावेच; पण सॉल्सबरींचे भाषण, त्यानंतरची मेजवानी आणि फिन्सबरीची निवडणूक ही हकिकत सविस्तर यावी. दरवर्षी इथून कितीतरी कुटुंबे लंडन पाहायला जातात. व्हाइटहॉलवरून पार्लमेंटकडे जाताना वाट थोडी वाकडी केली की ही इमारत लागते, एवढे तरी त्यांना ठाऊक असावे.

आपला,
एक नियमित वाचक