तालमीलाही जागा हवी

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

‘जिझेल’ या अभिजात बॅलेच्या तालमीविषयी आपल्या रविवारच्या पुरवणीत आलेला लेख आवडला. दुसऱ्या अंकात त्याची नायिका जिझेल मेलेली आहे, केवळ आत्मा आहे. म्हणून उडीनंतर पाऊल टेकल्याचा आवाज प्रेक्षकांना येऊन चालत नाही. त्यासाठी आधी चवडा, मग टाच, आणि त्याच क्षणी गुडघ्यात हलका बाक, एवढे साधेपर्यंत नृत्यदिग्दर्शक नर्तकीला थांबवत राहतो आणि पियानोवादक तेच सूर पुन्हा वाजवतो. दमलेली नर्तकी मधूनच पायांच्या हालचाली नुसत्या हातांनी करून क्रम पक्का करते. हे सारे आमच्या भरतनाट्यमच्या वर्गालाही ओळखीचे आहे.

१८४१ साली पॅरिसमध्ये रंगमंचावर आलेला हा बॅले १८६८ नंतर तिथे बंद पडला होता. रशियातल्या सेंट पीटर्सबर्गमध्ये नृत्यदिग्दर्शक मारियुस पेतिपा यांनी तो नव्याने बसवला आणि पिढ्यान्‌पिढ्या तालमीतून तो पुढे गेला, म्हणूनच १९१० मध्ये तो रशियन कलावंतांसह पॅरिसला परतू शकला. नृत्याची लिखित टिपणे असतात, पण पाऊल कसे टेकायचे हे शेवटी शिकवणाऱ्यानेच दाखवावे लागते.

आपल्या बेळगावात प्रयोगासाठी रंगमंदिरे आहेत. तालमीसाठी मात्र मंगल कार्यालय, शाळेचा वर्ग किंवा कुणाच्या तरी घराची गच्ची शोधावी लागते. बॅलेच्या तालीमगृहात फळ्यांखाली पोकळी ठेवलेली लाकडी जमीन असते, कारण उडीचा धक्का तिने झेलायचा असतो. आमच्या मुली शहाबादी फरशीवर अडवू, म्हणजे भरतनाट्यमच्या मूळ पदन्यासांचा सराव, करतात आणि नडग्या, गुडघे दुखतात म्हणून त्यांतल्या काही वर्ग सोडतात, हे मी डोळ्यांनी पाहते आणि फार वाईट वाटते. ज्या जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरने संगीत नाटककार अण्णासाहेब किर्लोस्कर दिले, तिथे तालमीचे मोल नव्याने पटवून द्यावे लागू नये.

महापालिकेने यापुढे कोणतेही सभागृह बांधताना किंवा दुरुस्त करताना त्यात लाकडी जमिनीची, एका भिंतीला आरसा असलेली खोली ठेवावी आणि ती मराठी, कन्नड अशा सर्वच कलावंतांना परवडेल अशा भाड्याने द्यावी, अशी माझी कळकळीची विनंती आहे. आपल्या वृत्तपत्राने हा विषय लावून धरावा.

आपली,
एक नृत्यशिक्षिका,
शहापूर, बेळगाव