'सुरुंग लावला आणि तट उडाला' यामधले आठवडे

प्रति,
मा. संपादक,
स. न. वि. वि.

गडकिल्ल्यांवरचे लेख वर्तमानपत्रांत नेमाने येतात आणि आम्ही ते आवडीने वाचतो. पण वेढ्याचे वर्णन आले की बहुतेक लेखांत एक ठरलेले वाक्य असते: 'शत्रूने सुरुंग लावून तट उडवला.' पुढच्याच ओळीत तलवारी उपसलेल्या असतात. त्या एका वाक्यात कित्येक आठवड्यांचे खोदकाम आणि शेकडो बेलदारांचा घाम दडलेला असतो. बऱ्याचदा लढाईचा निकालही तिथेच लागलेला असतो. त्याबद्दल थोडे सविस्तर लिहावे, म्हणून हा पत्रप्रपंच.

सुरुंगाची कल्पना बंदुकीच्या दारूहून जुनी आहे. तटाच्या पायाखाली पोकळी करायची, वरचा भार लाकडी टेकूंवर तोलायचा आणि मग टेकू जाळायचे. इंग्लंडचा राजा जॉन याने 1215 साली रोचेस्टरला वेढा घातला, तेव्हा 25 नोव्हेंबरला त्याने 40 डुकरे मागवली. खायला कमी प्रतीची पण चरबीने भरलेली हवीत, असे हुकुमातच होते. त्या चरबीने टेकू पेटले आणि मुख्य बुरुजाचा एक कोपरा ढासळला. तरीही आतली माणसे बुरुजातल्या आडव्या भिंतीमागे सरकली आणि आणखी काही दिवस लढली. तट पडला म्हणजे किल्ला पडला असे नाही, हे तेव्हाही दिसले होते.

दारू आल्यावर टेकू जाळण्याची गरज उरली नाही, पण खोदकाम तेच राहिले. सुरुंगाचे तोंड मोर्चाच्या, म्हणजे वेढा घालणाऱ्यांनी पुढे रचलेल्या आडोशाच्या, मागे तटावरून दिसणार नाही असे काढतात. आधी खाली उतरायचे, मग तटाच्या दिशेने आडवे जायचे. बोगदा जेमतेम माणूस वाकून किंवा बसून खोदू शकेल एवढाच, कारण प्रत्येक जादा वीत म्हणजे जादा माती, आणि ती टोपल्यांनी मागे वाहून लपवावी लागते. तोंडाशी ताज्या मातीचा ढीग दिसला की तटावरच्या पहारेकऱ्याला सगळे कळते. खंदकात पाणी असेल तर त्याच्याही खालून जावे लागते, नाहीतर बोगदा बुडतो. बुरुजाखाली पोहोचल्यावर दारूची कोठी सरळ रेषेत न करता बाजूला वळवून करतात, म्हणजे स्फोटाचा झोत आल्या वाटेने परत येत नाही. त्यानंतर येते ठासणी: कोठीच्या मागचा बोगदा माती, दगड आणि लाकडांनी घट्ट भरून टाकणे. स्फोट सर्वांत कमी अडथळ्याच्या वाटेने बाहेर पडतो. ठासणी कमी पडली तर बुरूज जागेवर राहतो आणि बोगद्याचे तोंड तोफेसारखे मागे उडते.

मापे जवळून पाहायची तर अमेरिकी यादवी युद्धातला पीटर्सबर्गचा सुरुंग घ्यावा, त्याची नोंद बारकाईने झालेली आहे. पेनसिल्व्हेनियाच्या कोळसा खाणीतले कामगार असलेल्या पलटणीने 511 फुटांचा बोगदा खणला. इतक्या आत हवा कोंडते, दिवे मंदावतात. त्यावर त्यांनी तोंडापासून काही अंतरावर वर जाणारे धुराडे काढून त्याच्या तळाशी आग पेटती ठेवली, तोंड कॅनव्हासच्या पडद्याने बंद केले आणि जमिनीलगत एक लाकडी नळी थेट शेवटपर्यंत नेली. गरम हवा धुराड्यातून वर जाई आणि तिच्या ओढीने बाहेरची ताजी हवा नळीतून खोदणाऱ्यांपर्यंत पोहोचे. शत्रूची चौकी डोक्यावर सुमारे 20 फुटांवर होती. दारू भरली 8,000 पौंड आणि ठासणी केली 34 फुटांची. वर 20 आणि मागे 34, या दोन आकड्यांत ठासणीचे सगळे गणित आहे. आता चूक पाहा. अखंड बत्ती न मिळाल्याने तुकडे जोडावे लागले. 30 जुलै 1864 च्या पहाटे बत्ती पेटवली आणि ती सांध्यापाशी विझली. दोघांनी आत रांगत जाऊन ती पुन्हा जोडली. स्फोट तासाभरापेक्षा जास्त उशिरा झाला, आणि तो होऊनही हल्ल्याची फौज खड्ड्याला वळसा घालण्याऐवजी खड्ड्यातच उतरून अडकली.

बत्तीचा हाच दोष आपल्याकडे तीनदा तरी महागात पडलेला दिसतो.

चित्तोडच्या वेढ्यात अकबराच्या लोकांनी एकमेकांजवळ दोन सुरुंग खणले होते. एकात 120 मण दारू भरली, दुसऱ्यात 80 मण. अकबरी मण साधारण 25 किलोचा धरला तर एकूण पाच टन. 17 डिसेंबर 1567 रोजी दोन्ही एकदम उडायला हवे होते. एक उडाला, तट फाटला, फौज खिंडाराकडे धावली आणि तेवढ्यात दुसरा उडाला. अकबराची सुमारे 200 माणसे गेली. त्यानंतर त्याचा भर राहिला तो साबातीवर, म्हणजे तोफांपासून आडोसा देणाऱ्या आच्छादित रस्त्यावर. गड हाती आला तो 1568 च्या फेब्रुवारीत.

सातारचा वेढा 8 डिसेंबर 1699 रोजी बसला. औरंगजेबाच्या तोफखान्याचा प्रमुख तरबियतखान याने ईशान्येचा कोपरा निवडला. तिथे तटाची एकूण उंची 67 फूट, पण त्यातला 42 फूट नुसता कातळ आणि वरचे 25 फूट बांधकाम. म्हणजे खोदायचे होते ते कातळातून. या कामाला चार महिने लागले. 13 एप्रिल 1700 रोजी पहिला सुरुंग उडाला, बांधकाम आत कोसळले आणि गडावरचे बरेच लोक दगडांखाली सापडले. गडाचे मुख्य अधिकारी, हवालदार प्रयागजी प्रभू गाडले गेले होते, त्यांना जिवंत उकरून काढले. हल्ल्याची फौज तटाखाली दाटीने उभी असताना दुसरा, मोठा सुरुंग उडाला आणि त्याचा सगळा जोर बाहेरच्या बाजूला गेला. सुमारे 2,000 मोगल सैनिक दगडांखाली चिरडले. कारण सरळ आहे. कोठी कड्याच्या बाहेरच्या अंगाला थोडी जास्त सरकली की आतल्या कातळापेक्षा बाहेरची कड कमकुवत ठरते आणि सगळे तिकडेच फुटते. मोगल इतिहासकार खाफीखान लिहितो की आपली माणसे ढिगाखालून काढता येत नाहीत हे पाहून पायदळातल्या हिंदू सैनिकांनी रात्री मोर्चांच्या लाकूडकामालाच आग लावली, म्हणजे मेलेल्यांना अग्नी तरी मिळेल. ते लाकूड सात दिवस जळत होते. वेढ्यासाठी किती लाकूड तोडून आणावे लागे, याचा यावरून अंदाज यावा.

तिसरी वेळ आपल्याच फौजेवर आली. वसईला किल्ल्याच्या तीन बाजूंना पाणी, जमिनीची वाट फक्त उत्तरेकडून, आणि ती रेताड. रेतीत बोगदा टिकवणे हे कातळ फोडण्याइतकेच अवघड, कारण टेकू आणि फळ्यांशिवाय एक हातही पुढे जाता येत नाही. चिमाजी आप्पांच्या लोकांनी हे काम पोर्तुगीजांच्या माऱ्याखाली केले. 1739 च्या मे महिन्यात सुरुंगांना बत्ती दिली, बुरूज फुटला, मराठे आवेशाने खिंडारात शिरले आणि उशिरा पेटलेल्या एका सुरुंगाने आपलेच शेकडो लोक उडाले. तरीही ते पुन्हा चढले आणि दोन-तीन दिवसांत किल्ल्याने तहाची बोलणी लावली. वसईच्या विजयावर भरपूर लिहिले जाते, पण या सुरुंगाचा उल्लेख क्वचित आढळतो. तो यायला हवा असे आम्हाला मनापासून वाटते, कारण त्या माणसांनी काय सोसले ते त्याशिवाय कळत नाही.

बत्ती उशिरा का पेटते? सोऱ्यात मीठ राहिले की दारू ओल धरते आणि रेंगाळत जळते. सोरा 75, कोळसा 15 आणि गंधक 10 भाग हे प्रमाण बरोबर असले तरीही. पन्हळीतून टाकलेली दारूची ओळ वरून पडलेल्या मातीने तुटू शकते. दोन कोठ्यांच्या बत्त्या असमान लांबीच्या असतात. आणि पहिल्या स्फोटाच्या हादऱ्याने दुसरी बत्ती दबते, पण विझतेच असे नाही. म्हणून किती धमाके झाले ते मोजल्याशिवाय फौज सोडायची नाही, हाच यावरचा उपाय.

आतल्यांचेही शास्त्र होते. तटाच्या पायथ्याशी पाण्याने भरलेले परात किंवा ताट ठेवायचे आणि पाण्यावर तरंग उठतात का ते पाहायचे. दिशा कळली की आतून उलट बोगदा काढून समोरच्याचा बोगदा फोडायचा, त्यात पाणी किंवा धूर सोडायचा. ते जमले नाही तर धोक्यातल्या बुरुजामागे नवा बांध घालायचा. चाकणला हेच झाले. 14 ऑगस्ट 1660 रोजी शायिस्ताखानाच्या सुरुंगाने ईशान्येचा बुरूज उडाला, पण मोगल आत शिरतात तो समोर मातीचा उंच बांध, आणि त्यामागून बाण, बंदुका आणि दगडांचा मारा. किल्ला पडायला दुसरा दिवस उजाडावा लागला. फिरंगोजी नरसाळ्यांनी भर पावसात जवळजवळ 55 दिवस लढवलेल्या या छोट्या भुईकोटासाठी मोगलांची 268 माणसे मेली आणि 600 जखमी झाली.

डोंगरी किल्ल्यांवर सुरुंग कमी का दिसतो, तेही कातळावरून समजते. पुरंदरला 1665 मध्ये मिर्झाराजांनी आधी वज्रगड घेतला आणि मग सफेद बुरुजासमोर लाकडी दमदमा, म्हणजे तोफांसाठी उंच मचाण, उभारून वरून तोफा डागल्या. विशाळगड तर 1702 मध्ये 2 लाख रुपये मोजून घ्यावा लागला.

आमची विनंती एवढीच आहे. किल्ल्यावरचा लेख छापताना सुरुंग कोणत्या बुरुजाखाली होता, तिथे जमीन कातळाची, मातीची की रेतीची, खोदायला किती दिवस लागले आणि स्फोट कोणत्या बाजूला गेला, हे लेखकाला जरूर विचारावे. अजिंक्यताऱ्यावर, म्हणजे सातारच्या या गडावर, आणि वसईला त्या जागी एक साधा आडवा छेद दाखवणारा फलक लागावा, यासाठी आपण पाठपुरावा केलात तर फार बरे होईल. आणि वसईच्या तारखा देताना काळजी घ्यावी. मुंबईचे इंग्रज तेव्हा जुनी कालगणना वापरत आणि पोर्तुगीज नवी, त्यामुळे एकच घटना 2 मे आणि 13 मे अशी दोन्ही प्रकारे छापलेली आढळते. दोन्ही तारखा आपापल्या जागी बरोबर आहेत. मात्र एकाच लेखात त्या मिसळल्या की वेढा उगाच 11 दिवसांनी लांबतो.

आपले,
दुर्गांचा अभ्यास करणारे काही वाचक,
सातारा