पुकार वीस मिनिटं आधी करा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

भातकापणी उरकली की आपल्या सिंधुदुर्ग-रत्नागिरीत वाडीवाडीत कबड्डीची मैदानं आखली जातात. मी वेंगुर्ले तालुक्यातला. तरुणपणी चढाईपटू होतो, गेली २१ वर्षं गावोगावच्या स्पर्धांत पंच म्हणून उभा राहतो. हंगाम तोंडावर आलाय, म्हणून सामन्याआधी मुलांना अंग मोकळं करायला वेळ मिळावा, असं आयोजक मंडळींपुढे एक गाऱ्हाणं घालतो.

गेल्या जानेवारीत एका वाडीत रात्री पावणेएकला उपांत्यपूर्व सामना लागला. दोन्ही संघ साडेसातपासून येऊन बसलेले. दहानंतर भोंगा बंद, त्यामुळे पुकार तोंडी. एक कार्यकर्ता 'चला, मैदानात या' ओरडत फिरला. मुलं स्टेजमागे मोटारसायकलींवर चादरी पांघरून बसली होती, वर दव पडत होतं. चादर टाकली, जर्सी चढवली आणि दोन मिनिटांत रेषेवर! एकाला म्हटलं, "झिला, वायच धाव तरी." तो हसला. "आमका काय होवचा नाय, काका." तिसऱ्याच चढाईत बोनस रेषेवर पाय टाकून वळताना त्याने मांडी मागून धरली आणि खाली बसला.

१९८९ साली मी स्वतः असाच बसलो होतो. मागून कुणी दगड मारला असं वाटून वळून बघितलं, मागे कुणीच नव्हतं. त्या रात्री एका जाणत्याने कढत तेल लावून मांडी रगडून दिली. सकाळी मांडी वांग्यासारखी जांभळी. पुढे तीन महिने होडीवर पाय ठेवता आला नाही. ताज्या फाटलेल्या स्नायूला रगडलं की आतला रक्तस्राव वाढतो, हे तेव्हा कोण सांगणार? बर्फ तर जेटीवर मासळीसाठी फोडून ठेवलेला होता. फडक्यात गुंडाळून पंधरा-वीस मिनिटं धरला असता, तर निदान सूज तरी आटोक्यात राहिली असती.

जानेवारीच्या पहाटे बाटलीतलं खोबरेल थिजतं. पाच तास बसून राहिलेल्या अंगाचंही थोडंफार तसंच होतं. हलक्या धावण्याने स्नायूंत रक्त खेळतं, ते गरम होतात, मगच झटका सोसतात. आम्ही मात्र सामन्याआधी जमिनीवर बसून पायांचे अंगठे धरायचो आणि मिनिट मिनिट ताणत राहायचो. माझी भाची फिजिओथेरपी शिकते, तिने माझी ही समजूत मोडली. खूप वेळ ताणून धरलेल्या स्नायूची उसळी काही वेळ कमी होते, म्हणून तसं ताणणं सामन्यानंतर. आधी चार-पाच मिनिटं सावकाश धावायचं, मग गुडघे उचलत, आडवी पावलं टाकत, पाय पुढे-मागे झुलवत अंग मोकळं करायचं, आणि शेवटी वेग वाढवत नेत दोन-तीन चढाया पुऱ्या जोराने. तिने फुटबॉलवाल्यांचा 'फिफा ११+' हा क्रमही दाखवला. २००६ पासूनचा, साधारण वीस मिनिटांचा, साहित्य फारसं नको. जे संघ तो नियमाने करतात त्यांच्या दुखापती जवळपास एक तृतीयांशाने घटलेल्या दिसल्या. सामन्याच्या दिवशी त्यातला फक्त धावण्याचा भाग करतात.

पण मुलांनी हे करायचं कुठे? मैदान सोडून सगळीकडे काळोख, आणि उजेडात खुर्च्या. मुलींच्या संघांची अडचण तर कुणी विचारतच नाही. शे-दोनशे माणसांच्या नजरेसमोर पाय झुलवायला त्या संकोचतात, आणि स्टेजमागच्या अंधारात त्यांना कोण पाठवणार?

त्यातून एखादा संघ शहाणा निघाला आणि घाम काढून तयार झाला, की नेमके पाहुणे येतात. मग दोन्ही संघ ओळीत उभे, हस्तांदोलन, शाल, श्रीफळ, दोन भाषणं. पंधरा मिनिटं नुसतं उभं राहिलं की कमावलेली ऊब उतरते. पाहुण्यांचा मान राखू या, पण पहिल्या सामन्याआधी किंवा थेट बक्षीस समारंभात. राखीव खेळाडूंचंही तेच. अर्धा सामना बाकावर काढलेल्या पोराला एकदम आत ढकलतात.

सामना संपल्यावर तर मुलं जागीच आडवी होतात. धावताना पोटऱ्या रक्त वर ढकलत असतात. एकदम थांबलं की ते पायांतच साचतं आणि उठताना डोळ्यांपुढे अंधारी येते. नारळाच्या बुंध्याशी असा कोसळलेला पोरगा मी उचललाय. धाप उतरून नीट बोलता येईपर्यंत, पाचेक मिनिटं, मैदानाभोवती चाला. याने दुसऱ्या दिवशीचं अंगदुखणं टळतं असं म्हणतात, ते फारसं खरं नाही, दुखायचं तेवढं दुखतंच. चक्कर मात्र टळते. मग घामाची जर्सी बदला आणि टेंपोत तासभर पाय दुमडून बसण्याआधी पोटऱ्या-मांड्या सावकाश ताणून घ्या.

आयोजकांकडे मागणं एवढंच, की पुढच्या सामन्याची पुकार वीस मिनिटं आधी व्हावी आणि मैदानाच्या एका बाजूला दोन हॅलोजन लावून मोकळी पट्टी ठेवावी, मुलींसाठी तिला कनात लावावी. वेळ कुठून काढायचा, असं मंडळी विचारतील. एक सामना चालू असतानाच पुढचे दोन संघ तिकडे तयार होतील, जादा वेळ लागायचा प्रश्नच नाही.

यंदा मी ज्या मैदानावर असेन तिथे नाणेफेकीआधी दोन्ही कर्णधारांना विचारणार, अंग मोकळं केलंत का? नाही म्हणाले, तर नाणं माझ्या खिशातच राहील. आयोजकांनी कितीही वेळा घड्याळ दाखवलं तरी.

आपला,
एक कबड्डी पंच, वेंगुर्ले तालुका