जप्त पैशाला तारीख हवी : केंद्रीय अर्थमंत्र्यांना खुले पत्र

मा. केंद्रीय अर्थमंत्री महोदया,
सविनय नमस्कार.

ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या लहान निर्यातदारांचे हिशेब मी बरीच वर्षे पाहतो. रबाळे-महाप्याच्या गाळ्यांतून कुणी यंत्रांचे सुटे भाग पाठवतो, कुणी वाशीच्या बाजार समितीतला माल आखातात. परकीय चलनाचा कायदा त्यांना शिपिंग बिल आणि बँकेतल्या नोंदीपुरताच माहीत. परकीय चलन व्यवस्थापन कायद्याचे, म्हणजे फेमाचे, कलम ३७अ त्यांच्या कानावर येते ते थेट जप्तीच्या आदेशासोबत. त्या कलमाबद्दल आणि त्याविरुद्ध दाद मागण्याच्या वाटेबद्दल हे पत्र आहे.

१९७३ चा परकीय चलन नियमन कायदा (फेरा) जाऊन १ जून २००० पासून फेमा लागू झाला, तेव्हा व्यापाऱ्यांनी सुटकेचा श्वास घेतला होता. फौजदारी धाक जाऊन दिवाणी स्वरूपाचा कायदा आला होता. २०१५ च्या वित्त कायद्याने त्यात ३७अ घातले. परदेशातली मालमत्ता कलम ४ मोडून, म्हणजे नियमाबाहेर, ठेवल्याचा संशय असेल, तर तिच्या किमतीएवढी इथली मालमत्ता सक्तवसुली संचालनालयाला (ईडीला) जप्त करता येते. अशी तरतूद हवीच. न्हावा शेव्यातून माल पाठवताना किंमत कमी दाखवून फरक बाहेर ठेवणारे लोक आहेत, आणि त्यांच्यामुळे सरळ धंदा करणाऱ्याचा भाव मार खातो.

माझे म्हणणे पुढच्या टप्प्याचे आहे. जप्तीचा आदेश ३० दिवसांत जप्ती तपासणाऱ्या सक्षम प्राधिकाऱ्यापुढे जातो. त्याने दोन्ही बाजू ऐकून जप्तीपासून १८० दिवसांत ती कायम करायची किंवा उठवायची. इथवर कायद्याने घड्याळ लावले आहे. एकदा जप्ती कायम झाली, की न्यायनिर्णय, म्हणजे कायदा खरेच मोडला का याचा निकाल, होईपर्यंत पैसा अडकून राहतो, आणि त्या न्यायनिर्णयाला सक्तीची मुदतच नाही. कलम १६ म्हणते, तक्रार आल्यापासून वर्षभरात निकालाचा प्रयत्न करावा. प्रयत्न फसला तर? खात्याला काही सोसावे लागत नाही. सोसतो तो गाळेवाला. त्याचे खेळते भांडवल अडकले, की कच्च्या मालाचा पुरवठादार उधारी बंद करतो आणि महिन्याच्या सात तारखेला कामगारांपुढे उभे राहायची सोय उरत नाही. ठरावीक रकमेखाली ही जप्ती होत नाही, हे खरे. पण परदेशी ग्राहकाकडे अडकलेली बिले एकत्र धरली तर ती मर्यादा ओलांडायला वेळ लागत नाही.

‘कोर्ट आहे ना’ असे अधिकारी सांगतात. ठाण्याच्या दिवाणी न्यायालयात जाता येत नाही, कलम ३४ ने ते दार बंद आहे. उच्च न्यायालयात थेट रिट करावी, तर कायद्याने दिलेली अपिलाची वाट सोडता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये राजकुमार शिवहरे प्रकरणात बजावले आहे. अपिलीय न्यायाधिकरण ओलांडून मुंबई उच्च न्यायालयात पोहोचलो, तर कलम ३५ खाली तिथे फक्त कायद्याचा प्रश्न ऐकला जातो. पैसा बाहेर का राहिला, ग्राहक बुडाला होता की नाही, ही वस्तुस्थिती त्याआधीच ठरलेली असते. आणि पहिल्यांदा ती ठरवतात ईडीचेच अधिकारी, ज्यांच्या खात्याने चौकशी केली तेच.

मोबाइल विकणाऱ्या शाओमी कंपनीची ५,५५१ कोटींची रक्कम एप्रिल २०२२ मध्ये जप्त झाली, तेव्हा त्या कंपनीने वकिलांची फौज उभी केली. कर्नाटक उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये हे कलम वैध ठरवले. ठीक आहे, वैधतेबद्दल माझा वाद नाही. पण तेवढी लढाई तुर्भ्याचा गाळेवाला कुठून लढणार?

याच कलमात एक शहाणपणाची सोय आहे. बाहेरचा पैसा उघड करून भारतात आणला, तर जप्ती उठवण्यासाठी अर्ज करता येतो. लहान माणसाला हाच खरा आधार, कारण रक्कम भरून प्रकरण मिटवण्याचा, म्हणजे कंपाउंडिंगचा, मार्ग ३७अ ला लागू नाही. पण या अर्जावर किती दिवसांत निर्णय द्यायचा, ते कलमात नाही. महोदया, इथे ६० दिवस लिहा. जप्ती कायम झाल्यावर वर्षभरात न्यायनिर्णय झाला नाही, तर बँक हमी घेऊन रक्कम मोकळी करण्याची सक्ती करा. संशयाची लेखी कारणे अधिकाऱ्याने नोंदवायचीच असतात, ती आदेशासोबतच संबंधिताच्या हाती द्या. आणि न्यायनिर्णयाचे काम ईडीबाहेरच्या अधिकाऱ्याकडे सोपवा. संविधानाचे कलम ३००अ कायद्याच्या आधाराशिवाय कुणाची मालमत्ता काढून घेऊ देत नाही. त्या कायद्यात निकालाची तारीखही असावी, एवढेच मागणे आहे.

पुढच्या वित्त विधेयकात ही दुरुस्ती यावी, ही विनंती.

आपला,
एक सनदी लेखापाल, वाशी, नवी मुंबई