आबा, तलवार होती पण उपयोग नव्हता

क्योतो

ती. आबांस,
शि. सा. नमस्कार.

मी बरा आहे. थंडी पडू लागलीय, पण आईला सांगा, स्वेटर पुरतो.

परवा इथं 'ओरोची' हा १९२५चा मूकपट पाहिला. तुम्हाला कळवल्याशिवाय राहवेना.

हेइझाबुरो हा खालच्या दर्जाचा सामुराई. तलवारीत त्याचा हात धरणारा कोणी नाही, पण आबा, त्या तलवारीनं त्याचं कधी भलं झालं नाही! गुरूच्या मुलीवर त्याचा जीव. तिची बदनामी करणाऱ्याशी भांडला, तर गुरूनं यालाच हाकललं. पुढंही तेच. मन साफ, पण लोकांच्या लेखी गुंड. उलट गाव ज्याला देवमाणूस म्हणतं, तो बायका पळवणारा निघतो. हे सेन्सॉरला कुठलं सोसायला! सिनेमाचं नाव बदलावं लागलं, दृश्यंही कापली गेली.

शेवटची मारामारी तुम्ही बघायला हवी होती. चहूबाजूंनी शिपाई, आणि मधे हा एकटा. त्याआधीच्या सिनेमांत तलवारबाजी म्हणजे काबुकी नाटकातला पवित्रा, नाचासारखी. इथं माणूस दमतो, धडपडतो, पिसाटतो. बांदो त्सुमासाबुरो हा नट तेव्हा चोविशीचाही नव्हता आणि सिनेमा त्याच्या स्वतःच्या कंपनीचा! शेवटी हेइझाबुरोला बांधून नेतात. तो कुणासाठी लढला, हे फक्त गुरूची ती मुलगी आणि तिचा नवरा जाणतात.

पडद्याशेजारी बेन्शी होती. सगळ्या पात्रांचे आवाज तीच काढते, मधेच गोष्टही सांगते, आपल्या कीर्तनकारासारखी. मूकपटांच्या काळात लोक बेन्शीचं नाव बघून तिकीट काढत. बोलपट आले आणि धंदा बसला. दिग्दर्शक अकिरा कुरोसावांचे थोरले भाऊही बेन्शीच होते. परवाच्या बाईंचा आवाज जबरदस्त, फक्त मारामारीत जरा कमी बोलल्या असत्या तर बरं झालं असतं.

आणि गंमत बघा, त्याच १९२५ साली आपल्या कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी 'सावकारी पाश' काढला. त्यात शेतकरी झाले होते शांतारामबापू. तिथंही सरळ माणूसच भरडला जातो, तलवारीऐवजी सावकाराच्या कागदाखाली. पणजोबा तेव्हा कोल्हापुरातच होते ना? त्यांनी तो पाहिला होता का? तुमच्याजवळ कधी काही बोलले असतील तर आठवून ठेवा, रविवारी फोन करतो.

तुमचा,
संदीप