आरोग्यमंत्री महोदय, रिपोर्ट वाचला. माझा हात कुणी पाहिला?

मा. आरोग्यमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

सप्रेम नमस्कार.

मी चंद्रपूर जिल्ह्यातला लेडीज टेलर. सरकारी रुग्णालयात माझा कुष्ठरोग वेळेत ओळखला गेला नाही, अशी तक्रार मी केली होती. गेल्या आठवड्यात तिचं उत्तर पोस्टानं आलं. बायोप्सीचा, म्हणजे कातडीचा तुकडा काढून केलेल्या तपासणीचा, अहवाल मिळालेल्या नमुन्यानुसार बरोबर होता, सबब प्रकरण निकाली काढलं आहे, एवढंच त्यात आहे. प्रकरण निकाली निघालं, पण माझ्या उजव्या हाताची करंगळी आणि शेजारचं बोट अजून वाकलेलंच आहे. म्हणून हे पत्र जाहीरपणे लिहितो आहे.

कोपराखाली फिकट चट्टा उठला होता. त्यावरचे केस गेले होते, घाम येत नव्हता, टाचणी टोचली तरी कळत नव्हतं. सुरुवातीला नायटा म्हणून मलम झालं, मग एका मोठ्या सरकारी रुग्णालयात चट्ट्याचा तुकडा काढला. तुकड्याची बाटली आणि फॉर्म माझ्याच हातात देऊन लॅबमध्ये पोचवायला सांगितलं. लॅबच्या रांगेत उभा असताना मी तो फॉर्म वाचला. नाव, वय आणि ‘स्किन बायोप्सी’. रुग्णाची लक्षणं लिहायच्या रकान्यात एक तिरकी रेघ होती. चट्टा बधिर आहे, करंगळीला मुंग्या येतात, हे सगळं मी ओपीडीत सांगितलं होतं. त्यातला एक शब्द कागदावर नव्हता. माप न घेता नुसतं कापड पाठवून ब्लाउज शिवून मागावा, तसा तो फॉर्म होता.

रिपोर्ट आला: ‘नॉन-स्पेसिफिक डर्मटायटिस. क्लिनिकल कोरिलेशन अ‍ॅडव्हाइज्ड.’ म्हणजे पॅथॉलॉजिस्ट, तुकड्याचे काप काचेवर घेऊन तपासणारे डॉक्टर, सांगत होते की काचेवर ठोस काही दिसत नाही, रुग्णाच्या अंगावरच्या खुणांशी हे ताडून पाहा. त्या डॉक्टरांवर माझा राग नाही. कुष्ठरोग सुरुवातीचा असेल तर तुकड्यात नुसती साधी सूजही दिसू शकते, हे मला आता माहीत आहे. पण ताडून पाहणार कोण? त्या दिवशी ओपीडीत वेगळे डॉक्टर होते. त्यांनी रिपोर्ट पाहिला, ‘काही नाही’ म्हणाले आणि नवं मलम लिहिलं. माझी बाही वर करायला त्यांनी सांगितलंसुद्धा नाही.

पुढे एका दुपारी दुकानात इस्त्री करताना जळल्याचा वास आला. मी आधी कापड पाहिलं. कापड ठीक होतं. इस्त्रीला करंगळी टेकलेली होती.

शेवटी एका धर्मादाय दवाखान्यात डॉक्टर बाईंनी माझा हात कोपरात वाकवला आणि मागच्या हाडाजवळची नस बोटांखाली फिरवून पाहिली. डाव्या हाताची नस पाहिली, पुन्हा उजवी पाहिली. उजवी जाड होती, दाबल्यावर कळ थेट करंगळीत गेली. या तपासणीला दोन मिनिटंही लागली नाहीत आणि यंत्र एकही लागलं नाही. मग त्यांनी जुन्या रुग्णालयातून माझाच तुकडा मेणात बसवून ठेवलेला ब्लॉक मागवला आणि सोबत सगळी लक्षणं लिहून दिली. त्याच ब्लॉकचे आणखी खोलवर काप घेतल्यावर नसेच्या बारीक फांदीभोवती ग्रॅन्युलोमा, म्हणजे सुजेच्या पेशींचा पुंजका, सापडला. कुष्ठरोगाचे जंतू दाखवणाऱ्या फाइट-फॅराको रंगात जंतू दिसले नाहीत, पण बाई म्हणाल्या की या प्रकारात ते बहुधा दिसतच नाहीत. निदान झालं: बॉर्डरलाइन ट्युबरक्युलॉइड कुष्ठरोग. तुकडा तोच होता, ब्लॉक तोच होता. फरक एवढाच की या वेळी काच पाहणाऱ्याला माझा हात कसा आहे हे कुणीतरी सांगितलं होतं.

हे काही नवं ज्ञान नाही. रिडली आणि जॉपलिंग या दोन डॉक्टरांनी 1966 साली या रोगाचे प्रकार ठरवले तेव्हाच अंगावरच्या खुणा, जंतूंचं प्रमाण, शरीराची प्रतिकारशक्ती आणि सूक्ष्मदर्शकाखालचं चित्र एकत्र मांडलं होतं. म्हणजे साठ वर्षं झाली, आणि तुमच्या राज्यात तो रकाना अजून रिकामा जातो.

एमडीटीच्या, म्हणजे कुष्ठरोगावरच्या एकत्रित औषधांच्या, गोळ्या सहा महिने घेतल्या. त्या फुकट मिळाल्या, त्याबद्दल सरकारचे आभार. नसेची सूज उतरवणारं प्रेडनिसोलोनही झालं. पण नस बधिर होऊन सहा महिन्यांच्या आत औषध मिळालं तर हात परत येण्याची आशा जास्त असते, आणि माझा तो काळ मलमात गेला. आता कात्री धरली की घसरते. हातशिलाई बंद आहे, काज-बटण आणि तुरपाई बायको करते. लग्नसराईत दुकानात उभं राहायला जागा नसायची. आता बायका माझ्या बोटांकडे बघतात आणि कापड परत पिशवीत घालतात. मुलीसाठी स्थळ पाहायचं आहे, म्हणून घरचे सांगतात की हे पत्र नावानिशी छापू नका. ज्या जिल्ह्यात बाबा आमट्यांनी आनंदवन उभं केलं, त्याच जिल्ह्यात मला आजही हात खिशात घालून फिरावं लागतं.

आणि तुम्ही लोक दर 30 जानेवारीला, कुष्ठरोगविरोधी दिनी, काय सांगता? चट्टा लपवू नका! मी लपवला नाही, साहेब. दाखवला. तुम्ही म्हणालात म्हणून मांस कापून दिलं.

2005 च्या अखेरीस देशानं जाहीर केलं की दहा हजारांमागे एकापेक्षा कमी रुग्ण उरले, कुष्ठरोगाचं दूरीकरण झालं. टाळ्या झाल्या. कुष्ठरोगाचं वेगळं काम त्याआधीच सर्वसाधारण आरोग्यसेवेत मिसळलं होतं, आणि नस हाताला लावून पाहणारी माणसं दिसेनाशी झाली. तरी देशात वर्षाला लाखभर नवे रुग्ण सापडतात, जगातल्या नव्या रुग्णांपैकी निम्म्याहून जास्त आपल्याकडचे. आता 2027 पर्यंत प्रसार शून्यावर आणायचा आहे म्हणे. ज्यांची बायोप्सी ‘नॉन-स्पेसिफिक’ म्हणून फायलीत गेली, ते या आकड्यात कुठे बसतात? की रोग पकडायचाच नाही, म्हणजे आकडा आपोआप उतरेल?

तक्रार घेऊन गेलो तर एक कार्यालय म्हणतं रुग्णालय वैद्यकीय शिक्षणाकडे, दुसरं म्हणतं कुष्ठरोग सार्वजनिक आरोग्याकडे. तुमच्या खात्यांच्या हद्दी तुम्ही सांभाळा. माझा हात एकच आहे, तो दोन मंत्र्यांत वाटून देता येत नाही. यंत्रं आली की उद्घाटनं होतात, फिती कापल्या जातात. फॉर्म नीट भरायला फीत लागत नाही, म्हणून त्याकडे कुणाचं लक्ष नाही.

मला नुकसानभरपाई द्याल तर घेईन, नाकारणार नाही, कारण दुकानाचं भाडं थकलं आहे. पण त्याआधी दोन्ही खात्यांच्या सहीनं एक परिपत्रक काढा. लक्षणं न लिहिलेला बायोप्सीचा फॉर्म लॅबनं तसाच पुढे जाऊ देऊ नये, पाठवणाऱ्या डॉक्टरला तिथल्या तिथे फोन करून विचारावं. चट्टा बधिर असेल आणि रिपोर्ट मात्र काहीच सांगत नसेल, तर त्याच ब्लॉकचे खोल काप घ्यावेत, लागल्यास चट्ट्याच्या कडेचा नवा तुकडा घ्यावा. रुग्ण पाहणारे आणि काच पाहणारे डॉक्टर महिन्यातून एकदा अशा न जुळणाऱ्या केसेस घेऊन एका टेबलाशी बसावेत, आणि त्याची नोंद जिल्ह्याच्या कुष्ठरोग विभागाच्या सहायक संचालकांकडे जावी.

याला किती खर्च येतो ते मला लेखी कळवा. आणि उत्तर कोणतं खातं देणार, तेही आधी ठरवून घ्या.

आपला,
एक टेलर, चंद्रपूर जिल्हा